लायडारने जंगलाखालची शहरं दाखवली, मग माया पुरातत्त्वज्ञ अजून खड्डे का खणतात?

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडते, म्हणजे आपण एकाच गोष्टीबद्दल बोलतोय ना ते कळेल. २०१८ मध्ये बातमी आली की मध्य अमेरिकेतल्या ग्वाटेमालाच्या उत्तरेकडच्या पेतेन जंगलावरून विमान फिरवून, लेसरच्या साहाय्याने म्हणजे लायडारने २,१४४ चौरस किलोमीटर जमीन मोजली गेली आणि झाडांखाली दडलेली ६१,४८० बांधकामं दिसली. त्यावरून माया संस्कृतीच्या भरभराटीच्या काळात त्या सखल प्रदेशात ७० लाख ते १ कोटी १० लाख माणसं राहत असावीत, असा अंदाज निघाला. तुम्ही जीआयएसमध्ये, म्हणजे संगणकावरच्या नकाशांचं काम करता, असे नकाशे रोज हाताळता. म्हणून तुम्ही विचारताय की सगळं दिसलंच आहे, तर पुरातत्त्वज्ञ हातात ट्रॉवेल म्हणजे लहान थापी घेऊन अजून लहान लहान खड्डे का खणत बसतात? एवढी माणसं गेली कुठे? आणि तुमच्यासारख्याला या कामात जागा आहे का?

मी पुण्याच्या डेक्कन कॉलेजात पुरातत्त्व शिकले, पुढे माया प्रदेशात आले आणि बरीच वर्षं बेलीझमध्ये, अधूनमधून पेतेनमध्ये काम करते. पिरॅमिड आणि राजवाडे हा माझा विषय नाही. साधी घरं, त्यांची अंगणं, घरामागचा कचरा हे माझं काम. त्यामुळे माझं उत्तर त्या बाजूने येणार. शिलालेख वाचणारे किंवा हाडांचा अभ्यास करणारे सहकारी कदाचित वेगळ्या टोकापासून सुरुवात करतील.

अडचण अशी आहे की लायडारच्या नकाशात काळ नसतो. इसवीसनापूर्वी ३०० मध्ये बांधून पुढे सोडून दिलेला चौथरा आणि इसवीसन ८०० मध्ये नांदता असलेला चौथरा, दोन्ही त्या चित्रात शेजारी शेजारी सारखेच उंचवटे म्हणून दिसतात. हजार-दीड हजार वर्षांची सगळी बांधकामं एकाच पानावर दाबून बसवलेली असतात. त्यातून लोकसंख्या काढायची म्हणजे आधी ती पानं सुटी करावी लागतात.

आपल्याकडच्या एखाद्या गावाचं उदाहरण घ्या. कुणी वरून फोटो काढला आणि दिसेल त्या प्रत्येक छपराला एक कुटुंब धरलं, तर गोठा, देऊळ, शाळा, पिठाची गिरणी, भाऊबंदकीत कुलूप लागलेला वाडा आणि ज्यातली माणसं दोन पिढ्यांपूर्वी मुंबईला गेली ते पडकं घर, सगळ्यांत माणसं मोजली जातील. चुलत्यांनी वाटणी करून एकाच छपराखाली तीन चुली मांडल्या असतील, तर उलट तिथली माणसं कमी मोजली जातील.

आता पेतेनचे आकडे बघा. ६१,४८० ला २,१४४ ने भागलं की दर चौरस किलोमीटरला साधारण २९ बांधकामं येतात. प्रत्येकात पाच माणसं धरली तर १४३. प्रसिद्ध झालेला अंदाज मात्र दर चौरस किलोमीटरला ८० ते १२० माणसांचा आहे. मधला फरक संशोधकांनी विचारपूर्वक केलेल्या दुरुस्त्यांचा आहे. सगळी बांधकामं राहती नव्हती, सगळी एकाच वेळी वापरात नव्हती, म्हणून वजाबाकी. काही घरं लायडारला दिसतच नाहीत, म्हणून थोडी बेरीज. या दुरुस्त्यांची प्रमाणं विमानातून मिळत नाहीत. पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाच्या चमूने १९५६ ते १९७० या काळात पेतेनमधल्या टिकाल या मोठ्या माया शहरात केलेल्या आणि त्यानंतर इतर ठिकाणी झालेल्या खोदकामांतून ती आली आहेत. २०२५ मध्ये याच गटातल्या संशोधकांनी नवी माहिती आणि बदललेली गृहीतकं घेऊन पुन्हा हिशोब केला, तेव्हा अंदाज ९५ लाख ते १ कोटी ६० लाखांवर गेला. खालच्या आणि वरच्या आकड्यात ६५ लाखांचं अंतर आहे. हे अंतर कमी करायचं असेल तर आणखी विमानं उडवून फारसं भागणार नाही.

‘एक बांधकाम म्हणजे एक कुटुंब’ हे गृहीतक किती फसवं आहे ते बघायला एल साल्वादोरमधलं होया दे सेरेन बघावं. माया प्रदेशाच्या दक्षिण कडेला असलेलं हे खेडं इसवीसनाच्या सातव्या शतकाच्या सुमारास जवळच्या लोमा काल्देरा ज्वालामुखीच्या राखेखाली गाडलं गेलं. १९७६ मध्ये बुलडोझर चालवताना ते सापडलं, १९७८ पासून पुरातत्त्वज्ञ पेसन शीट्स यांनी तिथे काम केलं आणि १९९३ मध्ये ते जागतिक वारसा यादीत गेलं. राख इतक्या झटकन आणि इतकी बारीक पडली की शेतातली मक्याची ताटं आणि कसावाचे वाफे यांचे साचे राखेत तसेच राहिले. लोक मात्र वेळेत निघून गेलेले दिसतात, कारण घरांत सांगाडे सापडले नाहीत. तिथल्या एका कुटुंबाला झोपण्या-उठण्याची एक इमारत, धान्य-भांड्यांचं कोठार दुसरी आणि स्वयंपाकघर तिसरी. म्हणजे तीन छपरं, कुटुंब एक. शिवाय त्या स्वयंपाकघराच्या भिंती काठ्यांच्या आणि छप्पर गवताचं. राखेने ते जपलं नसतं तर पेतेनच्या पावसात हजार वर्षांनी त्याचा मागमूस राहिला नसता, आणि कुठल्याही लेसरला ते दिसलं नसतं.

म्हणजे चूक दोन्ही बाजूंना होऊ शकते, आणि कुठल्या गावात किती होईल हे त्या गावावर अवलंबून आहे. जिथे दगड मुबलक होता तिथे कोठारालाही चौथरा बांधलेला सापडतो. जिथे जमीन सपाट आणि कोरडी होती तिथे लोक चौथरा न करता थेट जमिनीवर घर बांधत.

आता खड्ड्याकडे येते, कारण तुमच्या प्रश्नाचं खरं उत्तर तिथे आहे.

माया घराची नेहमीची रचना म्हणजे मधे अंगण आणि त्याभोवती दोन, तीन, चार चौथरे. नकाशावर असा पुंजका दिसला की आम्ही साधारण दोन जागी चाचणी खड्डे घेतो, एक मीटर बाय एक मीटर किंवा थोडे मोठे. पहिला अंगणाच्या मधोमध, दुसरा एखाद्या चौथऱ्याच्या मागच्या अंगाला. अंगण रोज झाडलं जाई, त्यामुळे तिथे वस्तू कमी सापडतात, पण अंगणाची जमीन किती वेळा नव्याने केली ते कळतं. मागच्या बाजूला फुटकी मडकी, हाडं, गारगोटीच्या छिलक्या, ऑब्सिडियन म्हणजे ज्वालामुखीच्या काचेची बोथट झालेली पाती टाकली जात. घर किती काळ नांदतं होतं याची कथा पुढच्या आणि मागच्या खड्ड्यांची जोडणी केल्यावरच पुरी होते.

वरची काळी, मुळांनी विणलेली माती काढली की ढासळलेले दगड लागतात. ते एकेक उचलून बाजूला केले की कधीतरी ट्रॉवेलचा आवाज बदलतो. मातीत तो मऊ असतो, चुन्याच्या जमिनीवर खरखरीत होतो. आमच्याबरोबर खणणारे गावकरी, त्यातले बरेच मोपान किंवा केक्ची माया, हा आवाज माझ्याआधी ओळखतात आणि हात थांबवतात. मग ब्रशने झाडून बघायचं. पांढरी, दोन-चार सेंटिमीटर जाडीची, चुनखडी भाजून केलेल्या चुन्याची जमीन. ती फोडण्याआधी फोटो, मोजमाप, रेखाटन. ती फोडली की खाली भराव असतो, म्हणजे दगडगोटे, माती, खापरं. त्याखाली आणखी एक जुनी जमीन, पुन्हा भराव, आणि सगळ्यात खाली पिवळसर चुनखडीचा मूळ खडक. प्रत्येक थराला वेगळा क्रमांक, प्रत्येक थरातली माती सहा-साडेसहा मिलिमीटरच्या जाळीतून चाळायची, प्रत्येक थराच्या खापरांची वेगळी पिशवी. पिशवीवरचा क्रमांक पुसला गेला तर ती खापरं असून नसल्यासारखी.

चुन्याची अखंड जमीन म्हणजे झाकण. तिच्याखाली जे आहे ते जमीन घालण्याच्या दिवशीच बंद झालं. त्यामुळे भरावात सापडलेलं सगळ्यात उशिराचं खापर सांगतं की ही जमीन त्याच्या आधीची असू शकत नाही. इथे ‘सगळ्यात उशिराचं’ हा शब्द महत्त्वाचा. माया लोक भरावासाठी बऱ्याचदा जुन्या उकिरड्यातली माती आणत. म्हणून भरावात ढीगभर खापरं पाचशे वर्षं जुनी असतात आणि दोन-तीनच बांधकामाच्या काळातली. बहुमताने निर्णय घेतला तर अख्खं घर पाच शतकं मागे जाईल. त्या दोन-तीन खापरांनाच जास्त मान द्यायचा, पण आधी त्यांची उलटतपासणी करायची. ती मुळाच्या शेजारी होती का? घुशीसारख्या प्राण्याने केलेल्या बिळात होती का? जमिनीला तिथे ठिगळ होतं का? ठिगळ असेल तर बऱ्याचदा खाली दफन असतं, कारण माया लोक घरातल्या माणसांना घराच्या जमिनीखाली पुरत आणि वरून जमीन पुन्हा लिंपत. ठिगळातून आलेलं खापर हे दफनाच्या काळाचं, जमिनीच्या काळाचं नाही.

इनामगावच्या उत्खननातली घरांची चित्रं मी विद्यार्थीदशेत बघितली होती. तिथेही ताम्रपाषाण काळात घराच्या जमिनीखाली लहान मुलांना कुंभांत पुरलेलं आहे. माया घरात काम करताना ते शिक्षण मला फार उपयोगी पडलं. घोड नदीचा आणि पेतेनचा एकमेकांशी काही संबंध नाही, पण जमिनीखालचा खड्डा आधीचा की नंतरचा हे ठरवायची शिस्त दोन्हीकडे एकच आहे.

खापरांवरून काळ कसा सांगता, हे पुढचं ओघाने येतं. पेतेनमधल्या वाशाक्तूनला कार्नेगी संस्थेने १९२६ ते १९३७ या काळात खोदकाम केलं, आणि तिथल्या थरांवरून खापरांचा जो क्रम लागला तो आजही आमचा पाया आहे: मामोम, चिकानेल, झाकोल, तेपेऊ. मोघम सांगायचं तर मामोम आणि चिकानेल इसवीसनापूर्वीच्या शतकांतले, चिकानेल इसवीसन २५० च्या आसपासपर्यंत येतो, झाकोल साधारण ६०० पर्यंत आणि तेपेऊ ९०० पर्यंत. प्रत्येक शहराने त्यावर आपला स्थानिक क्रम बसवला आहे आणि तारखा पुढेमागे होतात.

हे वर्गीकरण डोळ्यांइतकंच बोटांनी होतं. चिकानेल काळातल्या लाल भांड्यांवरचा लेप मेणचट असतो. धुऊन वाळवलेल्या खापरावरून अंगठा फिरवला की साबणाच्या वडीवरून फिरल्यासारखा सरकतो. झाकोलपासून लेप पातळ आणि चकाकणारा होतो, वाडग्याच्या तळाजवळ बाहेर आलेली कड येते, रंगीत चित्रं येतात. तेपेऊच्या शेवटच्या टप्प्यात काही ठिकाणी अगदी बारीक मातीची, खडे न घातलेली केशरी भांडी येतात. असं एक जरी खापर घराच्या शेवटच्या जमिनीवर मिळालं तर ते घर नवव्या शतकात नांदतं होतं म्हणायला आधार मिळतो.

पण वाचणाऱ्यांना वाटतं तितकं हे सरळ नाही. जंगलातल्या ओल्या मातीत लेप उडून जातो. पिशवीतली निम्म्याहून जास्त खापरं बिनलेपाच्या पाण्याच्या घागरींची आणि मक्याच्या हंड्यांची असतात, आणि घागरीची फॅशन दोनशे वर्षांत फारशी बदलत नाही. मग काठाचा आकार, मानेची उंची, मातीत मिसळलेली वाळू की ज्वालामुखीची राख की चुनखडीचे कण, यांवरून जमेल तितकं. काही पिशव्या कुठल्याच काळात बसत नाहीत, आणि त्यांच्यावर ‘अनिश्चित’ लिहिणं हेच योग्य. जंगलातल्या एका महिन्याच्या खोदकामाला प्रयोगशाळेतले तीन-चार महिने सहज लागतात. बातम्यांत हा भाग कधी दिसत नाही.

खापरांचा एकेक टप्पा शंभर, दीडशे, कधी दोनशे वर्षांचा. एका घराचं आयुष्य समजा पन्नास वर्षं. मग एकाच टप्प्यात चार चौथरे मिळाले, तर ती चार शेजारी कुटुंबं होती, की एकच कुटुंब पिढीमागून पिढी नवं घर बांधत सरकत गेलं? लोकसंख्येत चौपट फरक पडतो. इथे कार्बन-१४ ची, म्हणजे जळक्या लाकडा-बियांतल्या किरणोत्सारी कार्बनवरून वय काढण्याची मदत लागते, पण नमुना निवडून घ्यावा लागतो. जाड लाकडाचा कोळसा टाळलेला बरा. पेतेनमधली सगळ्यात टिकाऊ लाकडं सापोदिया झाडाची, म्हणजे आपल्या चिकूची. घोलवड-डहाणूच्या बागांत जे झाड लावतात ते मूळचं याच भागातलं. टिकालच्या मंदिरांच्या दारांवरच्या कोरीव तुळया त्याच लाकडाच्या आहेत. हे झाड दीर्घायुषी असल्याने गाभ्याचं लाकूड झाड तोडण्याच्या कितीतरी आधीचं असतं, आणि जुनी तुळई पुन्हा वापरली असेल तर आणखी मागची तारीख येते. म्हणून मी मक्याचा जळका दाणा, फळाची बी, बारीक काटकी असे एका-दोन वर्षांत वाढलेले नमुने शोधते.

टिकालच्या एका तुळईचा मात्र वेगळाच उपयोग झाला. माया शिलालेखांत तारखा दिवसागणिक कोरलेल्या आहेत. त्या कालगणनेचा आरंभ आजच्या कॅलेंडरात इसवीसनापूर्वी ३११४ च्या ऑगस्टमध्ये बसवला जातो. ही सांगड बरोबर आहे का, हा वाद बराच काळ चालला. २०१३ मध्ये पहिल्या मंदिरातल्या तुळईच्या वाढीच्या क्रमाने अनेक कार्बन तारखा काढल्या, त्या तुळईवर कोरलेल्या इसवीसन ६९५ च्या विजयाशी जुळल्या, आणि रूढ सांगडीला भक्कम आधार मिळाला. राजांच्या जन्म-मृत्यूच्या तारखा आम्हाला इतक्या नेमक्या माहीत आहेत आणि त्याच शहरातल्या कुंभाराच्या घराचा काळ शंभर वर्षांच्या पट्ट्यात सांगावा लागतो. मला हाच भाग सगळ्यात कष्टाचा आणि सगळ्यात मोलाचा वाटतो, कारण शिलालेखांत त्या कुंभाराबद्दल एक ओळही नाही.

लायडारबद्दल मला तक्रार आहे असं मात्र समजू नका. बेलीझमधल्या काराकोलला आर्लेन आणि डायेन चेस हे पुरातत्त्वज्ञ दांपत्य १९८० च्या दशकापासून काम करत होते. जंगलात चालत, दोऱ्या ताणत त्यांनी जे क्षेत्र वर्षानुवर्षं मोजलं, त्याच्या कितीतरी पट, म्हणजे सुमारे २०० चौरस किलोमीटर, २००९ च्या उड्डाणांत काही दिवसांत मोजलं गेलं. डोंगरउतारांवरच्या शेतीच्या पायऱ्या, शहर जोडणारे उंच रस्ते, पाणी साठवायच्या जागा हे सगळं एकदम नजरेत आलं. आधीच्या खोदकामांमुळे त्या आकृत्यांचा अर्थ लावता आला, हेही तितकंच खरं.

मेक्सिकोतल्या ताबास्को राज्यातलं अग्वादा फेनिक्स हे मला सगळ्यात आवडतं उदाहरण. तिथे चौदाशे मीटर लांबीचा आणि दहा-पंधरा मीटर उंचीचा मातीचा चौथरा आहे. त्यावर गुरं चरत होती, लोक शेती करत होते. तो इतका अवाढव्य आहे की जमिनीवर उभं राहिलं तर नैसर्गिक पठार वाटतं. लायडारमध्ये त्याच्या सरळ कडा दिसल्या. पुरातत्त्वज्ञ ताकेशी इनोमाता यांच्या चमूने मग खणून कोळशाचे डझनावारी नमुने तपासले आणि २०२० मध्ये जाहीर केलं की हे बांधकाम इसवीसनापूर्वी १००० ते ८०० मधलं आहे. राजे, राजवाडे, शिलालेख यायच्या कितीतरी आधीचं. राजाच्या हुकमाशिवाय लोक एवढं मोठं काम एकत्र येऊन करू शकतात का, हा प्रश्न त्या तारखांनी उभा केला. नुसत्या आकृतीवरून त्याला कुणी नंतरच्या एखाद्या बलाढ्य राजाच्या खात्यात घालून मोकळं झालं असतं.

आणि प्रत्येक उंचवटा बांधकाम असतोच असंही नाही. पानकापू मुंग्यांची वारुळं जंगलात चांगली खोलीएवढी पसरतात. उन्मळलेल्या झाडाच्या मुळांबरोबर मातीचा ढीग उठतो. म्हणून नकाशातले काही चौकोन निवडून, माचेटीने म्हणजे लांब कोयत्याने झुडपं तोडत ‘ब्रेचा’ म्हणजे सरळ पायवाट काढत, प्रत्यक्ष जाऊन बघावं लागतं. खाली दाट झुडूप असेल तर लेसरचे मोजकेच किरण जमिनीपर्यंत पोचतात आणि वीतभर उंचीचा चौथरा गाळणीतच निघून जातो. तुम्ही हे काम करता, तेव्हा जमिनीचे बिंदू वेगळे करताना काय काय गळतं हे तुम्हाला माझ्यापेक्षा चांगलं माहीत असेल.

आता ‘माणसं गेली कुठे’. सगळ्या शहरांना लागू पडेल असं एक उत्तर यालाही नाही. दक्षिणेकडच्या शहरांत राजांचे तारीखवार स्तंभ एकेक करून बंद पडले. दीर्घगणनेतली, म्हणजे वर सांगितलेल्या दिवसागणिक कालगणनेतली शेवटची ज्ञात तारीख तोनिना या शहरातली, इसवीसन ९०९ ची. युकातानमधल्या चिचानकानाब तळ्याच्या गाळावरून २०१८ मध्ये काढलेल्या हिशोबानुसार त्या काळात पडलेल्या दुष्काळांत वार्षिक पाऊस ४१ ते ५४ टक्क्यांनी घटला होता. तरीही दुष्काळाने सगळं एका फटक्यात संपवलं म्हणायला खड्डे तयार होत नाहीत. पेतेनमधलं अग्वातेका शहर इसवीसन ८१० च्या आसपास हल्ल्यात जळलं आणि लोक भांडीकुंडी, दागिने, अवजारं टाकून पळाले. वस्तू जिथल्या तिथे सापडल्या. दुसरीकडे मी खणलेल्या बऱ्याच घरांत असं काही नाही. शेवटची चुन्याची जमीन झिजत जाते, पुन्हा लिंपली जात नाही, कामाच्या वस्तू नेलेल्या असतात. हे लोक सावकाश, घर आवरून निघाले. त्याच सुमारास उत्तरेला चिचेन इत्सा वाढत होतं, आणि बेलीझमधल्या लामानाईत तर वस्ती स्पॅनिश येईपर्यंत चालू राहिली. पेतेन-इत्सा सरोवरातलं नोहपेतेन हे स्वतंत्र माया राज्य स्पॅनिशांनी जिंकलं ते १६९७ मध्ये. सुमारे तीस माया भाषा आज बोलल्या जातात आणि त्या बोलणारी माणसं लाखांत आहेत. ‘गूढपणे नाहीशी झालेली संस्कृती’ हे वाक्य माझ्याशेजारी खणणाऱ्या माणसासमोर उच्चारायची मला लाज वाटते.

इथवरचं थोडक्यात: कुठे बांधलं ते लायडार दाखवतं. कधी, किती काळ, कशासाठी आणि एकाच वेळी किती जणांनी, हे थर, खापरं आणि तारखा सांगतात. दोन्ही एकत्र आल्याशिवाय लोकसंख्या किंवा ऱ्हास यांबद्दल काही ठाम बोलता येत नाही.

राहिला तुमचा स्वतःचा प्रश्न. जागा आहे, आणि चांगली आहे. २०२४ मध्ये मेक्सिकोच्या कांपेचे राज्यातलं वालेरियाना नावाचं मोठं शहर प्रकाशात आलं. लूक ऑल्ड-थॉमस या पीएचडी विद्यार्थ्याने ते शोधलं, तेही २०१३ मध्ये जंगलातला कार्बन मोजण्यासाठी कुणीतरी केलेल्या आणि इंटरनेटवर पडून असलेल्या लायडारमधून. अग्वादा फेनिक्सही आधी मेक्सिको सरकारच्या खुल्या माहितीत लक्षात आलं होतं. ज्याला बिंदूंचा ढग, म्हणजे लायडारने मोजलेले असंख्य बिंदू, चाळता येतो, त्याला घरबसल्या सुरुवात करता येते. मात्र सापडलेल्या जागेचे नेमके अक्षांश-रेखांश कुठेही टाकू नका. पेतेनमध्ये चोरांनी खणलेले चर जागोजागी आहेत. सान बार्तोलोची प्रसिद्ध भित्तिचित्रं २००१ मध्ये सापडली तीही अशाच चोरांच्या बोगद्यात. आधी त्या देशाच्या पुरातत्त्व खात्याला किंवा तिथे परवाना असलेल्या प्रकल्पाला कळवायचं.

तुमची परिस्थिती मला माहीत नाही, म्हणून पुढचं जर-तरच्या भाषेत सांगते. नोकरी सांभाळून करायचं असेल, तर एखाद्या चालू प्रकल्पाला नकाशाचं काम करून द्यायची तयारी दाखवा आणि खोदकामाचा हंगाम, म्हणजे कोरड्या महिन्यांतले काही आठवडे, एकदा तरी प्रत्यक्ष जा. फील्ड स्कूलना, म्हणजे प्रत्यक्ष खोदकाम शिकवणाऱ्या शिबिरांना, बहुतेक वेळा फी असते आणि विमानभाडं वेगळं; तो खर्च पेलणार नसेल तर घाई करू नका. पूर्णवेळ यायचं असेल, तर एमए आणि पुढे पीएचडीला पर्याय नाही. माया देशांत खोदकामाचा परवाना पात्रता असलेल्या आणि संस्थेचा पाठिंबा असलेल्या माणसालाच मिळतो, आणि जे सापडतं ते त्या देशाचं असतं. बेलीझमध्ये इंग्रजीवर निभतं, पण पेतेन, युकातान किंवा होंडुरासला जायचं तर बोलता येईल इतकी स्पॅनिश आजपासूनच शिकायला घ्या.

आणि सुरुवात महाराष्ट्रातच करा. घोड-भीमेच्या खोऱ्यात ‘पांढरी’ म्हणून ओळखली जाणारी जुन्या वस्त्यांची टेकाडं आहेत. डेक्कन कॉलेजसारख्या संस्थांच्या सर्वेक्षणात किंवा उत्खननात परवानगीने सहभागी होता येतं का ते विचारा. तिथे तुम्हाला बहुधा आधी खापरं धुवायला बसवतील. बसा. थरावरचा क्रमांक, पिशवी, नोंदवही आणि नकाशावरचा बिंदू यांचा धागा कुठे तुटतो ते त्या टबापाशी कळतं, आणि जीआयएस येणाऱ्या माणसाची सगळ्यात जास्त गरज नेमकी त्याच जागी आहे. बहुतेक प्रकल्पांकडे दशकांपूर्वीच्या कागदी नोंदी, हाताने काढलेले थरांचे आराखडे आणि मोजमापांच्या वह्या आहेत, ज्या लायडारच्या नकाशावर अजून बसवलेल्या नाहीत. प्रकल्पप्रमुखांना लिहाल तेव्हा ‘मला शहर शोधायचंय’ असं लिहू नका. ‘तुमचे जुने चाचणी खड्डे आणि त्यातल्या खापरांचे टप्पे मी लायडारच्या नकाशावर बसवून देतो’ असं लिहा, आणि सोबत तुम्ही केलेल्या कामाचा एक नमुना जोडा.